अकराव्या प्रकरणातली आत्या

४ ऑगस्ट

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

प्रकाशकांनी कादंबरी स्वीकारली! संपादकांनी अकराव्या प्रकरणाची तोंड भरून स्तुती केली आहे. नायकाची आत्या दुखण्यातून उठते आणि उठल्या उठल्या खुर्चीवरच्या ओल्या टॉवेलवरून त्याला फैलावर घेते, ते पान वाचून त्यांना रडू आलं म्हणे. मलाही आलं, पण वेगळ्या कारणाने. अकराव्या प्रकरणात मी आत्याला मारलं होतं!

माझं अक्षर तुझ्याशिवाय कुणाला लागत नाही, टाइप करून प्रकाशकांकडे परस्पर पाठवतेसही तूच, तेव्हा संशयित एकच. पुढच्या आठवड्यात प्रुफं येतील. त्यात मी तिला पुन्हा मारणार आहे. मी भयंकर रागावलोय, हे अक्षरावरून कळेलच.

तुझाच (सध्या नाइलाजाने),
बाळ्या

११ ऑगस्ट

चि. बाळ्यास,
अ. उ. आ.

तुझं अक्षर म्हणजे कुत्र्याचे पाय मांजराला. त्यात राग कुठला आणि वेलांटी कुठली, देव जाणे.

जन्मभर मी कोर्टात साक्षी टाइप केल्या, कुणाचा स्वल्पविराम इकडचा तिकडे केला नाही. पण पुस्तकातली आत्या म्हणजे आपणच, हे आपल्या आत्याला पक्कं ठाऊक आहे. मी मशीनवर बसले की ती शेजारी शेंगा सोलत विचारायची, आज माझं कसं चाललंय? तू तिला ताप चढवलास तेव्हा मी सांगितलं, जरा बरं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी सकाळीच तिने विचारलं, ताप उतरला का? आता तिच्या तोंडावर काय सांगू, की तू गेलीस? माझा हातच चालेना. उतरवला ताप.

मारायचं तर मार, पुस्तक तुझं आहे. पण तिला तू स्वतः कळव. माझी छाती नाही.

राग ओसरला की लोभ पूर्ववत चालू करावा.
ताई

२० ऑगस्ट

चि. बाळ्यास आशीर्वाद.

आत्या, तुला मारू का, असं पत्राने विचारणारा भाचा माझ्याच नशिबी यायचा होता. खुशाल मार. आईबापांमागे तुम्हा दोघांना वाढवताना मेले नाही, आता पुस्तकात मरायला माझं काय जातंय?

मात्र टॉवेलचं पान ताईने वाचून दाखवलं. ते तुझं नव्हे, हे मी लगेच ओळखलं. इतकी वर्षं या घरात राहिलास, खुर्चीवर टाकलेला तुझा ओला टॉवेल तुला कधी दिसला होता का? तेव्हा संपादकांना खरं काय ते सांग आणि ताईचं नाव पुस्तकात घाल. मला मारायचंच तर बाराव्या प्रकरणात मार. अकराव्यात मला सवड नाही.

तब्येतीला जप. माझी तुझ्या हातात आहेच.
आत्या

२ सप्टेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

ते पान माझ्या बहिणीचं, असं संपादकांना कळवलं. लिहिताना लाज वाटली, पत्र टाकल्यावर हलकं वाटलं. तुझं नाव पहिल्याच पानावर येतंय. पुढची कादंबरीही बहीणच लिहिणार का, असं त्यांनी फार आशेने विचारलं आहे.

मग आत्याला बाराव्यात मारायचं म्हणून दार लावून घेतलं, पेनात शाई भरली आणि खुर्चीला टेकलो. पाठीला गार लागलं. टॉवेल! उठलो, वाळत घातला, परत येऊन बसलो. माझाही हात चालेना.

आत्याला सांग, तिचं उत्तम चाललंय.

तुझाच,
बाळ्या