घसा कशानं बसला?

काळजादूच्या तहाचे शिल्पकार, आमचे धाकटोबा यांस,

पेपरात तुझा फोटो पाहिला. माणसाला विचारल्याशिवाय जादूनं त्याची वेळ मागे फिरवायची नाही, हे तहातलं कलम म्हणे तूच घातलंस. वा! मग ताईला एवढं सांग. रविवारी तू आईला तुझ्याकडे न्यायला आलास. मी हसत "ने बाबा" म्हणाले, तिची बॅग भरली, गाडीपर्यंत सोडायला आले. सगळं लख्ख आठवतंय. पण तू गेल्यावर शेजारणीला हाक मारायला गेले, तर घशातून आवाजच फुटेना. डोळे सुजलेले आणि दारावर मुठी आपटल्यासारखे हात ठणकत होते.

वेळ मागे फिरवली की आठवण पुसते, पण अंगावरचं अंगावरच राहतं, हे तूच फुशारकीनं सांगायचास. किती वेळा फिरवलीस रे? मी "हो" म्हणेपर्यंत? तुझ्याकडे जायचं नाव काढलं तरी आई पलंगाची कड घट्ट धरून बसायची. तिचे हात बघितलेस का?

हे पत्र तुला पाठवणार होते. पाकीट चिकटवायला जिभेजवळ नेलं, तर तोंडात डिंकाची चव आधीपासूनच होती.

म्हणजे हेही एकदा पाठवून झालंय.

तेव्हा आता हे पत्र टपालात टाकणार नाही, हातातच घेऊन येतेय. आईला न्यायला मीच चालत निघालेय. दारात माझे पाय सुजलेले दिसले, तर किती वेळा परत पाठवलंस ते तूच मोज.

तरीही तुझीच,
ताई