बाबांचं भाषण

कूनॅम्बल, मंगळवार

प्रिय ग्लेन,

तुझं शुभेच्छापत्र पोचलं. वर सोनेरी घंटा आणि आत एवढीच ओळ, की बाबांना आता बोलता येत नाही, मग येऊन काय करू? लग्नाच्या गडबडीत रागवायला सवड नव्हती, म्हणून आज रागावते. ते बोलत नाहीत असं कोणी सांगितलं तुला? पक्षाघाताच्या झटक्यानंतर त्यांचे सगळे शब्द गेले, एक 'मेट' तेवढा उरला, हे खरं. पण त्या एका शब्दावर ते दिवसभर बोलतात! पूर्वी आठवड्यात जेवढं बोलायचे, तेवढं आता सकाळच्या चहाला होतं.

आपल्याकडे हा शब्द कशाला चालत नव्हता, सांग? जिवलग दोस्त तो मेट, आणि ज्याचं नाव आठवत नाही तोही मेट. लोकर कापणारे चहाला जास्त रेंगाळले की बाबा हा शब्द असा लांबवायचे, की माणसं कप टाकून पळायची. अडलेल्या मेंढीच्या पाठीवर हात ठेवून मात्र तोच शब्द इतका हळू म्हणायचे, की ऐकणाऱ्यालाही धीर यावा. आणि तू शेत सोडून पर्थकडच्या खाणीत निघालास, तेव्हा फाटकाशी तुझ्याकडे न बघता म्हणाले, "ठीक आहे, मेट." परक्याला म्हणावं तसं. मी शेजारीच होते. दहा वर्षं झाली, तुझ्या कानात अजून तोच अडकलाय, हे मला कळतं रे.

आता माझ्या लग्नाचं ऐक. पन्नाशीच्या नवरीनं कशाला लाजायचं, म्हणून केक तीन मजली केला! नवरदेव ट्रेव्हर सूट घालून घामाघूम. हो, तोच स्कूलबसवाला, तुझ्या पहिल्याच चेंडूवर ज्याची दांडी उडायची तो. नवरीच्या बापानं भाषण करायचं असतं, आणि बाबा काही केल्या मागे हटेनात. काठी टेकत उठले. आधी ट्रेव्हरवर बोट रोखून एक 'मेट', असा की ट्रेव्हर उभा राहून म्हणाला, "नाही हो, शप्पथ, कध्धी त्रास देणार नाही!" सगळा हॉल खो खो हसला. तेवढ्यात आमच्या बिस्किट कुत्र्यानं केकला तोंड लावलं. त्याच्या वाट्याला आलेला 'मेट' ऐकून ते थेट टेबलाखाली. मग बाबा माझ्याकडे वळले. काय म्हणाले ते तुला कळेल, मला लिहिता येत नाही. मी भोकाड पसरलं. मर्ल आत्या म्हणाली, "अगं बाई, जन्मात ऐकलेलं सगळ्यात छान भाषण! आणि कंटाळाही नाही आला!" खाली बसण्याआधी बाबांनी हॉलच्या दाराकडे बघून आणखी एकदा तोच शब्द म्हटला. दारात कोणीच नव्हतं.

दर रविवारी दुपारी घरी फोन वाजतो, ग्लेन. बाबाच उचलतात. पलीकडून कोणी बोलत नाही, पण फोन ठेवतही नाही. मग बाबा आम्हाला हातानं बाहेर पिटाळतात आणि त्यांचं सुरू होतं: पाऊस, मेंढ्या, गुडघा, सगळं त्याच शब्दात. कोण आहे, हे मी कधी विचारलं नाही. विचारायचं काय त्यात? परवा, लग्नाच्या दुसऱ्या दिवशी, मी स्वयंपाकघरातून ऐकत होते. सगळं लग्न सांगितलं त्यांनी तुला, अगदी केक आणि कुत्र्यासकट. आणि शेवटी तो मेंढीजवळचा 'मेट', हळू. नंतर कितीतरी वेळ फोन कानाला धरून बसले होते. तू ठेवून दिलास तरी ते तसेच होते. म्हणून हे पत्र. या रविवारी फोन करशील तेव्हा तूही बोल. फार काही नको, तुलाही तो शब्द येतो, त्यांनीच तर शिकवलाय. आणि मग विमानात बस आणि ये. केकचा वरचा मजला मी कोणाला कापू दिलेला नाही.

वाट बघणारी, तुझीच ताई,
नेरिडा