भिंत आणि म्हैस

पाटोदा, गुरुवार

दुपारी एक ग्रीक लघुपट पाहिला. एका खोलीतले नवराबायको एकमेकांशी न बोलता भिंतीशी बोलतात. शेवटपर्यंत. कुणालाच उत्तर मिळत नाही.

भांडण झाल्यापासून आम्ही नवराबायको म्हशीमार्फत बोलतो. आत्ता धार काढताना सुमन तिला म्हणाली, "सांग बाई ह्यांना, उद्या मी माहेरी चालले. परत यायचं का न्हाई, ते बी विचार."

म्हणजे तिला उत्तर हवं होतं. लघुपटातल्या त्या दोघांना हवं होतं का? भिंतीकडून कसलं मिळणार?

मी सुमनकडे पाहून म्हणालो, "जाऊ नको."

तिचे हात थांबले. "बोलता येतंय की गं ह्यांना," ती म्हशीलाच म्हणाली.

माहेरी न्यायची पिशवी तिने अजून भरायला घेतलेली नाही.