लाल पाकीट आणि चाळीस फूट फिल्म

शांघायच्या मूकपटांत राबलेल्या माझ्या बंधुभगिनींनो, आपली चित्रं आज वजनावर विकली जात आहेत. सेल्युलॉइडचे कंगवे करणारे त्यांच्या फिल्मा घेतात, धुतात आणि वितळवतात. आपण पडद्यावर हसलो, रडलो, मेलो. आता कुणाच्या तरी केसांतून फिरत आहोत! हा अपमान आपल्या सर्वांचा आहे, म्हणून हे मृत्युपत्र तुमच्यासमोर वाचलं जावं.

मी, थान शौयी, वय एक्कावन्न, धंदा नट, राहणार झाबेइ, हे स्वखुशीने लिहीत आहे. फुप्फुसं गेली आहेत. डोकं शाबूत आहे.

एक. माझी मुलगी जूनरू, वय अकरा, आजवर आजीकडे वाढली; पुढेही तिथेच वाढावी. माझ्या दोन खोल्या व बँकेतली शिल्लक त्या दोघींची. सासूबाई माझ्याशी दहा वर्षं बोललेल्या नाहीत. शेवटचं बोलल्या ते असं: "तुझ्या जिभेनं माझी लेक खाल्ली."

दोन. पुस्तकं नाट्यशाळेला. दिग्दर्शक सुन यांना काहीही नाही. बोलपट आल्यावर माझ्या दक्षिणी उच्चारांची नक्कल करून त्यांनी भर पंगतीत हशा मिळवला होता. माफ केलं आहे. पण छत्रीसुद्धा देणार नाही.

तीन. आता त्या जिभेविषयी. माझी पत्नी सूछिन एका चित्रपटात शवपेटीत निजली होती. आपली रीत तुम्हाला ठाऊक आहे: पडद्यावर मेलेला उठला, की त्याच्या हाती शकुनाच्या पैशांचं लाल पाकीट ठेवायचं आणि त्यानं मोठ्यानं हसायचं. रंगभूषाकार हू काका पाकीट घेऊन उभे होते. मी त्यांना अडवलं आणि अंधश्रद्धेवर भाषण ठोकलं.

"अरे शौयी, तुझी पुस्तकं राहू दे," काका म्हणाले, "पोरीला पाकीट घेऊ दे."

मी ऐकलं नाही. पेटीतून आवाज आला, "संपलं का भाषण? पाठ अवघडली माझी. हात तरी द्या!" ती उठून बसली, पाकिटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि हसत सुटली. कॅमेरा फिरतच राहिला होता.

पुढच्या वसंतात ती क्षयाने गेली. जूनरू तेव्हा वर्षाचीही नव्हती.

पाकिटाने क्षय टळला असता, असं मी आजही मानत नाही. पण "तू जगावीस" हे सगळ्यांनी मिळून म्हणण्याची ती रीत होती, आणि मी ते कुणाला म्हणू दिलं नाही. सासूबाई, एवढा अपराध माझा.

चार. ती हसतानाची चाळीस फूट फिल्म बिस्किटांच्या डब्यात आहे. ती जूनरूची. कंगवेवाला दोनदा येऊन गेला. त्याला दारात उभं करू नये. जूनरूने आईला फक्त छायाचित्रात पाहिलं आहे.

म्हणून मित्रांनो, मला पुरलंत की दुसऱ्या दिवशी दुपारी स्टुडिओत जमा. खिडक्या झाका, जूनरूला आजीजवळ बसवा आणि फिल्म सावकाश फिरवा. सूछिन उठून बसली, की हू काका, तुम्ही दहा वर्षं जपलेलं ते पाकीट तिच्या वतीने सासूबाईंच्या हाती ठेवा. आणि तुम्ही सगळे सूछिनबरोबर मोठ्यानं हसा.

सही: थान शौयी
साक्षीदार: हू देफू, रंगभूषाकार; छ्यू वेनशान, कॅमेरामन
शांघाय, ९ नोव्हेंबर १९३६