पडद्यावरची आई

हॅम्बुर्ग, ६ नोव्हेंबर १९५५

ती. ओटिलीताईस,
वीबकेचा सा. न. वि. वि.

मुरंब्याची बरणी न फुटता पोचली. इकडे मात्र भलतंच झालंय. गेल्या आठवड्यात चित्रीकरण आटोपून स्टुडिओच्या फाटकाबाहेर पडले, तर एक हडकुळा माणूस पुढे आला, टोपी काढली आणि मला चक्क आई म्हणाला. नाव एकार्ट. दहा वर्षं रशियात कैदेत होता, नुकताच सुटलाय. त्याची आई युद्धाच्या शेवटी रशियन फौजेच्या भीतीने क्योनिग्सबेर्गहून पळताना हरवली. सुटून आलेल्यांना आमचा सिनेमा दाखवला, त्यात फलाटावर मुलाची वाट बघणारी म्हातारी मी केलीय ना, ती त्याला ओळखीची वाटली.

मी तुझी आई नव्हे, असं सांगायला तोंड उघडलं आणि विचारलं काय, तर जेवलास का! आता तो रोज फाटकाशी येतो आणि मी रोज त्याला समोरच्या खानावळीत सूप पाजते. हे काय करतेय मी, ताई?

लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.
तुझी, वीबके

लुनेबुर्ग, १० नोव्हेंबर

चि. वीबकेस,
अनेक आशीर्वाद.

जन्मभर पडद्यावर मोलकरणी, घरमालकिणी नि परक्यांच्या आया झालीस. आता पंचेचाळिसाव्या वर्षी अठ्ठावीस वर्षांचा घोडा पदरात! हसून हसून चष्मा पुसला, मग मात्र झोप उडाली. अगं, त्याची खरी आई कुठे जिवंत असली तर? खोट्या आशेवर माणूस टांगून ठेवू नये. स्पष्ट सांगून टाक.

माया आहे म्हणूनच रागावते.
तुझी, ओटिली

हॅम्बुर्ग, २१ नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न.

सांगितलं. पण त्याआधी निर्मात्याच्या कानावर हे गेलं होतं. नटीला हरवलेला मुलगा सापडला, असा फोटो पेपरात देऊ म्हणाला. बदल्यात मोठी भूमिका, पोस्टरवर नाव. त्या नावासाठी मी वीस वर्षं झुरले, तुला ठाऊक आहे. तरी मी नको म्हणाले. भूमिका दुसरीला गेली. चांगलं केलं की मूर्खपणा, अजून कळत नाही.

मग एकार्टला खरं सांगितलं. त्याने चमचा खाली ठेवला आणि म्हणाला, की पहिल्याच दिवशी जवळून पाहिल्यावर त्याला कळलं होतं, त्याच्या आईचं नाक निराळं होतं. बोलला नाही, कारण बोललं तर मी भेटणं थांबवीन, अशी त्याला भीती होती. मला चीडही आली आणि रडूही. मी नुसतं आणखी सूप मागवलं.

नाताळला त्याला तुझ्याकडे आणू का? कोण म्हणून, ते विचारू नकोस.

तुझ्या उत्तराकडे डोळे लावलेली,
वीबके

लुनेबुर्ग, २५ नोव्हेंबर

चि. वीबकेस,
आशीर्वाद.

आण. शेजारीण विचारील तेव्हा काय सांगायचं, हे मलाही सुचलेलं नाही. माझा चेहरा बघून गप्प बसेल. पोस्टरचं मनाला लागलं असेल, तर इथे येऊन पोटभर रड.

लोकर आणलीय. त्याच्या पायाचं माप कळव.

तुम्हा दोघांची वाट पाहणारी,
ओटिली