रोझेंदोच्या पोहायच्या चड्ड्या

रोझेंदो,

रविवारी किनाऱ्यावर मित्रांपुढे तू म्हणालास, "इवोनेला काय येतं? माझ्या चड्ड्या धुते, तेवढंच!" सगळे खिदळले.

खरंय. इतकी वर्षं तुझ्या पोहायच्या चड्ड्यांतलं समुद्राचं मीठ मी गार पाण्यात हातानं काढलं, त्या सावलीत वाळवल्या. काल मात्र सगळ्या उकळल्या, कडक उन्हात टाकल्या आणि वर गरम इस्त्री फिरवली. दिसायला तशाच राहिल्या, फक्त इलॅस्टिक अर्धमेलं झालं.

आज वाळूतल्या व्हॉलीबॉलच्या अंतिम सामन्यात पहिल्याच उडीला तुझी चड्डी गुडघ्यांवर आली, तेव्हा मी नारळवाल्याशेजारी उभी होते. अख्खं कोपाकाबाना हसलं. मी सगळ्यांत मोठ्यानं.

आईकडे नितेरॉयला चालले आहे. समजूत काढायला येऊ नकोस. आलासच, तर कंबर दोन्ही हातांनी धरून ये.

इवोने