दुसरबीडच्या गिरणीतला ठेका

दुसरबीड,
मंगळवार, सकाळची दळणं उरकल्यावर

तीर्थरूप गोजरताईच्या पायाशी धाकट्या निवृत्तीचा दंडवत.

पत्र लिहिण्याचं पहिलं कारण तुझे गुडघे. ते कसे आहेत? नवे दात बसले का? मागच्या वेळी तू म्हणालीस की दात बोलायला चांगले आहेत पण भाकरी दिसली की सुटतात, तेव्हापासून आम्हा दोघांना काळजी लागून राहिली आहे. अकराव्या मजल्यावर राहणाऱ्या माणसाने भाकरी सोडू नये, तिथे वारा फार असतो (असं गावातले शंकरराव सांगत होते. ते पुण्याला कधी गेलेले नाहीत, पण वाऱ्यातलं त्यांना कळतं). इकडे सर्व खुशाल आहे. फोन केला असता, पण माझा फोन गिरणीत असतो, गिरणीत ओरडून बोलावं लागतं, आणि ओरडून बोललेलं रांगेतल्या दहा जणांच्या घरी माझ्याआधी पोचतं. व्हिडिओवर यावं तर तू फोन असा धरतेस की आम्हाला अर्धा तास तुमच्याकडचा पंखाच दिसतो. पंखा चांगला आहे. पण हे बोलणं पंख्याशी करण्यासारखं नाही, म्हणून पत्र.

तुझ्या हर्षलच्या ‘डबा ठेवून जा’ या गाण्याला येत्या बावीस तारखेला बारा वर्षं होतात, हे त्याने तुला सांगितलंच असेल. (तू त्याला अजून गाणं म्हणत नाहीस हे मला ठाऊक आहे. पोरगं भांडल्यासारखं बोलते, हे मत तू त्याच्या सत्कारात माइकवरूनच दिलं होतंस.) त्या दिवशी मुंबईहून कॅमेरेवाले येणार आहेत. गाणं जिथे तयार झालं त्या आपल्या गिरणीवर पाटी लागणार, आणि ज्या हाताने त्यातला ठेका वाजवला त्या हाताने तो सर्वांसमोर पुन्हा वाजवायचा, असा कार्यक्रम ठरला आहे. हात माझा, असं सगळा तालुका मानतो. देवानंद पेंटरने पाटी रंगवून तयार ठेवली आहे, फक्त नावाची ओळ कोरी आहे, कारण मीच त्याला घाई करू नको म्हटलं. तो म्हणतो, काका, तुमचंच नाव लिवायचं, त्याच्यात इचार कायचा? त्याचं चुकत नाही. माझी अडचण निराळी आहे आणि ती सांगायला थोडं मागे जावं लागेल.

तुला आठवत असेल, हर्षल इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षात दोनदा अडकला तेव्हा तू त्याला ‘सरळ करून पाठव’ असा निरोप देऊन एसटीत बसवून दिलं होतंस. मी त्याला गिरणीत बसवलं (माणूस सरळ करायचं दुसरं यंत्र माझ्याकडे नव्हतं). ते दिवस भारनियमनाचे. वीज आली की गाव डबे घेऊन धावायचं, आणि हर्षलचं काम एवढंच की येईल त्याला नंबर सांगायचा आणि म्हणायचं, डबा ठेवून जा. दिवसातून दोनशे वेळा तेच म्हणता म्हणता त्याला चाल लागली, चालीला यमक लागलं, आणि एके दिवशी रांगेतल्या बायांपुढे हातवारे करत त्याने सुरू केलं, ‘डबा ठेवून जा, नंबर लावून जा, मोठ्या घरचा डबा आला, तुमी मांगून या.’ बाया पोट धरून हसल्या. ज्यांचा डबा नेहमी रांग सोडून पुढे यायचा त्या उत्तमरावांना मात्र ते लागलं, आणि पंधरा दिवस त्यांनी दळण देऊळगाव राजाला नेलं. नंतर परत आले, तिथेही रांगच होती.

गिरणीला लागून कलीमचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे, मधे नुसता पत्रा. गिरणी चालू झाली की तो पत्रा हलतो आणि कलीम दिवसभर तेच ऐकत बसतो. आता तू गिरणीवाल्याची मुलगी, तुला काय सांगायचं, पण पुण्यातल्या शेजारणींना वाचून दाखवशील म्हणून लिहितो. पीठ कापडी बाहीतून डब्यात उतरतं. ते अडकू नये म्हणून दळणारा बाहीवर हाताने दोनदा थापटतो आणि मग वर जिथून धान्य आत जातं त्या पत्र्यावर लाकडाचा ठोकळा मारतो. थप थप, टक्. मग क्षणभर काहीच नाही. मग पुन्हा थप थप. ती मधली रिकामी जागा कलीमच्या कानात बसली. तो हर्षलला म्हणाला, अबे, बाकी सारं कंप्युटरमंदी भेटते, हे भेटून नाही राह्यलं. मग मे महिन्यातल्या एका दुपारी दोघांनी खिळ्याला दोन मोबाइल टांगले आणि चालू गिरणीत गाणं रेकॉर्ड केलं. त्याच सकाळी कलीमच्या अम्मीची, म्हणजे अमीरबींची आठ किलो मिरची शेजारच्या यंत्रावर दळून झाली होती, हे दोघांपैकी एकाच्याही ध्यानात आलं नाही. हर्षलचा घसा असा पेटला की सगळं गाणं घोगऱ्या आवाजात निघालं आणि दुसऱ्या कडव्यानंतर तो चक्क खोकला. पुढे पुण्यात चांगल्या स्टुडिओत त्याने तेच गाणं चांगल्या गळ्याने म्हटलं तर कुणी विचारलं नाही. अमीरबी अजूनही त्याला कार्यक्रमाआधी हुंगायला मिरचीची पुडी पाठवतात (तू ते औषध समजून देव्हाऱ्यात ठेवलं होतंस, ती हीच).

पुढचं तुला माहीत आहे. आज बारा वर्षं झाली तरी त्या गाण्याशिवाय आपल्या भागात वरात हलत नाही. नजीरभाईंच्या बँडने ते बसवलं आहे, आणि ती रिकामी जागा आली की अख्खी वरात एक पाय उचलून थांबते, नवरदेवसुद्धा. दुसऱ्या कडव्यानंतर सगळे मिळून खोकतात. गेल्या वर्षी शंकरराव पाय उचलून थांबले आणि बँडवाल्याने जागा जरा लांबवली, तर ते तसेच आडवे झाले. शाळेच्या स्नेहसंमेलनात पोरं टिफिनवर तोच ठेका धरतात. हर्षलच्या त्या गाण्यावर ‘ठेका : मामाची गिरणी’ असं लिहिलं होतं, लोकांनी गिरणी सोडली आणि मामा तेवढा उचलला. मी कधी म्हटलं नाही की ठेका माझा. फक्त नाही म्हटलं नाही. चार सत्कार झाले, चार शाली आल्या. वाजवून दाखवा असं कुणी म्हटलं की मी उजवा खांदा धरायचो, आणि लोक हळहळायचे. एकदा पुण्याची एक मुलगी आली होती, या गाण्यावर प्रबंध लिहीत होती. तिने ती रिकामी जागा यंत्रावर मोजली होती. त्या क्षणी तुमच्या मनात काय असतं, असं तिने विचारलं. मी खिडकीबाहेर पाहिलं आणि म्हणालो, तेव्हा मी भुकेचा विचार करतो. तिचे डोळे भरून आले. तिने ते वहीत उतरवून घेतलं, आणि आता ते छापलंही आहे.

तर आता कॅमेऱ्यापुढे खांदा धरून भागणार नाही म्हणून मी पंधरा दिवसांपासून सराव करतो आहे. रोज दुपारी शटर अर्धं ओढायचं, बाहीवर दोनदा थापटायचं, ठोकळा मारायचा, थांबायचं. थप थप, टक् येतं. थांबणं येत नाही. कधी मी लवकर सुटतो, कधी इतका थांबतो की गिऱ्हाईक विचारतं, वीज गेली काय. भुकेचा विचारही करून पाहिला, तर खरंच भूक लागली आणि मी घरी जाऊन जेवलो. परवा जोर लावला तर बाहीची शिवण उसवली आणि भिमाबाईंचं चार पायली ज्वारीचं पीठ माझ्या अंगावर आलं. आमची ही (नाव घ्यायची आपल्याकडे रीत नाही, लग्नात एकदा उखाण्यात घेतलं तेवढं पुरलं) दारात उभी राहून सगळं पाहत होती. ती एवढंच म्हणाली, त्याले कायले मारून राह्यले? पीठ खाली येते, त्याले मनवा लागते. आणि तिने बाही शिवायला घेतली.

म्हणून विनंती अशी की हर्षलने कॅमेरेवाल्यांना सांगावं, मामाचा खांदा अजून बरा नाही, तेव्हा मागून जुनं रेकॉर्ड लावावं आणि मामाने नुसते हात हलवावेत. सिनेमात असं करतातच. तुझ्या शब्दाबाहेर तो जाणार नाही. गुडघ्यांना तीळतेल लाव, गरम करून. सुनबाईंना आणि नातवाला आशीर्वाद.

तुझा,
निवृत्ती

ता. क. पत्र पाकिटात घातलं होतं, आज गुरुवारी पुन्हा काढलं. काल हातांची हालचाल बसवायला जुनं रेकॉर्ड मागावं म्हणून कलीमकडे गेलो. त्याने मागच्या खोलीतून जुना कंप्युटर काढला, धूळ पुसली, आणि चालू करताना का कोण जाणे माझ्याकडे पाहिलं नाही. पडद्यावर त्या दुपारची तीन रेकॉर्डं होती. मामी एक, मामी दोन, मामी तीन. कलीमने चहा मागवला. ताई, त्या दुपारी मी गिरणीत नव्हतो. गिरणीचा पट्टा तुटायला आला होता, नवीन आणायला देऊळगावला गेलो होतो, एसटी चुकली आणि दिवे लागल्यावर परतलो. गिरणीवर ही होती. हे मला बारा वर्षं माहीतच होतं. पण सत्कार सुरू झाल्यावर मी स्वतःला समजावलं की पोरांनी दुसऱ्या कुठल्या दिवशीही रेकॉर्ड केलं असेल, गिरणी माझी, मीही थापटतोच. आता मात्र तेही म्हणता येईना. मला फार लाज वाटली. घरी येऊन हिला म्हटलं, तू काऊन सांगतलं नाही? ती परातीतून मान वर न करता म्हणाली, तुमी कवा इचारलं?

मग विचारलं. तेव्हा कळलं की हर्षल तिचं नाव लिहायला निघाला होता, पण आपले बाबा तेव्हा होते, सुनेचं नाव गाण्यात आलेलं त्यांना चाललं नसतं, म्हणून तिनेच नको म्हटलं. बाबा गेले तोवर माझ्या दोन शाली झाल्या होत्या. आणि ती रिकामी जागा कुठून आली तेही कळलं. ठोकळा मारला की वरून पीठ उडतं, तेव्हा ती हात थांबवून पदर नाकावर ओढते. एवढंच. मी काल खांद्यावर टॉवेल टाकला, ठोकळा मारल्यावर तो नाकावर ओढला आणि पुन्हा थापटलं, तर जन्मात पहिल्यांदा ठेका बरोबर आला. तेवढ्यात देवानंद नाव विचारायला आत आला आणि मला तसा पदर घेतलेला पाहून परत गेला.

ता. क. दुसरा. वर खांद्याबद्दल आणि रेकॉर्डबद्दल जे लिहिलं ते सगळं खोडलं असं समज. खरी विनंती ही की तू बावीस तारखेला स्वतः ये. गुडघे दुखले तरी ये, हर्षलच्या गाडीत मागच्या सीटवर पाय लांब करून ये. ही कॅमेऱ्यापुढे उभी राहायला तयार नाही. म्हणते, तुमाले चार शाली भेटल्या, आता मी उभी राह्यली त लोक तुमाले हासतीन, त्यापरीस मी माहेरी जातो. मी म्हटलं, हासू दे. ती ऐकत नाही. या घरात आल्यापासून तिने फक्त तुझं ऐकलं आहे. तू तिचा हात धरून तिला गिरणीत उभी कर, पुढचं तिच्या हाताला येतं. आणि येताना एक शाल आण. माझ्या चारही तिच्यापुढे ठेवल्या होत्या, तर तिने एक मोटरवर झाकली आणि बाकीच्या परत दिल्या, म्हणाली, मले जुन्या नको.

ता. क. शेवटचा. देवानंद आज पुन्हा आला. मी म्हटलं, घरच्यांचं नाव टाक. तो म्हणाला, काका, पाटीवर ‘घरचे’ लिवू काय? लग्नानंतरच्या अडतीस वर्षांत नाव तोंडातून निघालं नव्हतं, आजही निघालं नाही. मग दळणाच्या चिठ्ठीमागे लिहून दिलं, आणि लिहिताना अक्षर नेहमीपेक्षा बरं आलं. देवानंदने वाचलं आणि विचारलं, खाली जागा उरते, तुमचं काय टाकू? तेही सांगितलं. पाटी वाळत ठेवली आहे. तू येशील तेव्हा वाचशीलच, पण चष्मा विसरण्याची तुझी सवय आहे म्हणून इथे उतरवतो.

‘डबा ठेवून जा’ या गाण्याचा ठेका या गिरणीत वच्छलाबाई निवृत्ती जायभाये यांनी वाजवला. त्यांचे पती त्या वेळी पट्टा आणायला गेले होते.